तीन मिनिटांची तबकडी, तीन मिनिटांचा शॉर्ट

दुसरी बाजू (धागाकर्ता)

यूट्यूबने ऑक्टोबर २०२४मध्ये शॉर्ट्सची मर्यादा एका मिनिटावरून तीन मिनिटांवर नेली. जानेवारी २०२५मध्ये इन्स्टाग्रामने रील्सलाही तीन मिनिटं दिली. ग्रामोफोनच्या जुन्या तबकड्या जमवणारा माणूस या आकड्यापाशी थबकतोच. मिनिटाला ७८ फेऱ्यांच्या दहा इंची तबकडीच्या एका बाजूवर साधारण तीन-सव्वातीन मिनिटंच मावायची. विसाव्या शतकाच्या निम्म्या काळात आपल्या आजा-पणजांनी घरात जे गाणं ऐकलं ते याच मापातलं. म्हणून ‘हल्ली सगळं आखूड झालं, त्यामुळे कुणाचं लक्ष टिकत नाही’ हे मला पटत नाही. आखूड तेव्हाही होतं.

ग्रामोफोन कंपनीचा फ्रेड गैसबर्ग कलकत्त्यात आला आणि १९०२च्या नोव्हेंबरात त्याने गौहर जानचं गाणं मुद्रित केलं. मैफलीत सावकाश राग उलगडणाऱ्या बाईंना सगळं तीन मिनिटांत बसवावं लागलं. शेवटी इंग्रजीत स्वतःचं नावही सांगावं लागलं, कारण तबकड्या छापायला जर्मनीत हॅनोव्हरला जायच्या आणि तिथल्या कारागिरांना कुणाचा आवाज आहे ते कळायला हवं होतं. यंत्राने गाण्याला वाकवलं यात शंकाच नाही. आलापीला कात्री लागली. ठुमरी, नाट्यपद, भजन पुढे आलं, कारण ते त्या मापात शोभायचं.

आणि तरी त्या तीन मिनिटांतून काय निघालं पाहा. अब्दुल करीम खाँसाहेबांची झिंझोटी रागातली ठुमरी तबकडीवर ऐकून गदगचा अकरा वर्षांचा एक मुलगा १९३३ साली गुरूच्या शोधात घर सोडून निघाला. तो मुलगा म्हणजे भीमसेन जोशी. एक आखूड ध्वनिमुद्रिका एका माणसाच्या सबंध आयुष्यावर अशी पकड घेते, याचा अर्थ आखूड असणं हा मूळ रोग नव्हे.

मग फरक कुठे आहे? माझं म्हणणं असं की तबकडी संपायची. संपली की सुई उचलायची, किल्ली द्यायची, पोलादी सुई झिजलेली असेल तर बदलायची आणि पुढे काय लावायचं ते ठरवायचं. तेच गाणं पुन्हा? दुसरी बाजू? की बस्स आता? दर तीन मिनिटांनी ऐकणाऱ्याला निर्णय घ्यावा लागे. त्या मधल्या शांततेत ऐकलेलं मनात मुरायचं. त्यावर कुणी काही बोलायचं, एखादी जागा गुणगुणून बघायचं.

‘गीतरामायण’ही याच जातीचं. १ एप्रिल १९५५ला आकाशवाणी पुणे केंद्रावर सुरू झालं. आठवड्याला एक गीत, शुक्रवारी पहिल्यांदा, मग शनिवार-रविवारी पुन्हा, असं वर्षाहून थोडा जास्त काळ, एकूण ५६ गाणी. माडगूळकर-फडक्यांची ताकद वादातीतच आहे, पण दोन गाण्यांमधल्या त्या आठवड्याचंही त्यात काम आहे असं मला वाटतं. छापून आलेले शब्द कापून ठेवायचे, चाल आठवून बघायची, पुढच्या प्रसंगाची वाट बघायची. लक्ष देणं म्हणजे नुसतं रेडिओसमोर बसणं नव्हतं. रेडिओ बंद झाल्यावरही ते चालू राहायचं.

आता पुढची गोष्ट आपोआप येते. खाली सरकवत राहा, पान कधीच संपत नाही, ही युक्ती एझा रॅस्किनने २००६मध्ये काढली आणि नंतर त्याने स्वतःच तिच्याबद्दल जाहीर खंत व्यक्त केली. २०१२मध्ये यूट्यूबने व्हिडिओ सुचवताना किती जणांनी उघडला याऐवजी किती वेळ पाहिला याला वजन द्यायला सुरुवात केली. तबकडी विकली गेली की कंपनीचे पैसे वसूल व्हायचे, मग तुम्ही ती ऐका किंवा फळीवर ठेवा. आज तुम्ही जितका वेळ थांबता तितका धंदा होतो. अशा धंद्याला ‘संपलं’ हा क्षण परवडत नाही. म्हणून तो क्षणच काढून टाकलाय, आणि माझ्या मते आपल्या लक्षावर, गप्पांवर, आवडीनिवडीवर झालेला सगळ्यात मोठा परिणाम हाच आहे.

रोजच्या मालिकांनाही मी यातच धरतो. दूरदर्शनवर आठवड्याला एक भाग आणि तेरा भागांत गोष्ट पूर्ण, असा एक काळ होता. १९९९मध्ये अल्फा मराठी आली, पुढे इतर वाहिन्या आल्या आणि रोज रात्रीची मालिका घरात स्थिरावली. जिला शेवटच नाही त्या गोष्टीत कुठल्याच कृतीला परिणाम नसतो. आज केलेली क्षमा पुढच्या महिन्यात पुसली जाते, उघड झालेलं कारस्थान पुन्हा झाकलं जातं. गोष्टीतून माणूस काही शिकतो ते शेवटाकडून मागे वळून बघताना. तो शेवटच मिळत नसेल तर पिढ्यान् पिढ्या आपण गोष्टींकडून काय मागायचं हेच विसरू, ही माझी खरी काळजी आहे.

तुमचे अनुभव, मतभेद सगळं येऊ द्या.

—

तळकोकणी

धागा आवडला. पण जुना प्रेक्षक एकाग्र असायचा, असं चित्र त्यातून उभं राहतं, ते आमच्याकडच्या अनुभवाशी जुळत नाही.

जत्रेतला दशावतार घ्या, म्हणजे कोकणातलं रात्रभराचं लोकनाट्य. रात्री उशिरा पेटाऱ्याची पूजा होते, मग आडदशावतार म्हणजे पूर्वरंग, त्यात संकासुर हा हसवणारा राक्षस, आणि त्यानंतर आख्यान म्हणजे मुख्य कथा. पहाटे दहीकाल्यापर्यंत नाटक चालतं. समोर बसलेले सगळे जागे असतात का? पोरं आईच्या मांडीवर झोपलेली, म्हातारे घोंगडीत गुरफटून पेंगत असलेले, बाप्ये मधेच उठून खाज्याच्या दुकानाकडे. युद्धाचा प्रवेश आला, मृदंग आणि झांज वाढली, की सगळे उठून बसतात. राजाचं लांबलचक भाषण सुरू झालं की पुन्हा डोळा लागतो. लिखित संहिता नसते, त्यामुळे नट समोरच्यांचा अंदाज घेऊन प्रवेश वाढवतो नाहीतर आटोपतो. म्हणजे लक्ष तेव्हाही येत-जात होतं आणि नाटक त्याला सामावून घेत होतं.

मला वेगळं वाटलं ते इतकंच, की पेंग आली तरी माणूस त्याच मांडवात असायचा. जाग आली की शेजाऱ्याला विचारायचं, ‘खंयसर इला?’ (कुठवर आलं?) आणि तो सांगायचा. एकाचं सुटलेलं लक्ष दुसरा भरून काढायचा. मोबाइलवर माझं लक्ष सुटलं तर सांगणारं कुणी नाही.

आता आमची नाटकं यूट्यूबवर असतात, मुंबईचे चाकरमानी घरी बसून बघतात, याचा मला मनापासून आनंद आहे. पण गेली काही वर्षं एक बदल दिसतोय. संकासुराची करमणूक आणि मारामारी लांबत चाललीय, कारण त्यांचेच तुकडे कापून फिरतात. आख्यानातला संवाद, जिथे नटाची खरी परीक्षा असते, तो कापून फिरत नाही.

—

निषाद

तळकोकणींच्या शेवटच्या परिच्छेदाशी पूर्ण सहमत. तुकडा काढून फिरण्याजोगं जे असतं तेच वाढतं. गाण्यात हे उघड दिसतं. स्पॉटिफायवर गाणं तीस सेकंद वाजलं की एकदा ऐकलं असं मोजतात. त्यामुळे पहिल्या तीस सेकंदांतच सगळा माल मांडायचा. अमेरिकन लोकप्रिय गाण्यांच्या एका अभ्यासात दिसलं होतं, की १९८०च्या दशकाच्या मध्यावर शब्द सुरू होण्याआधी वीसेक सेकंदांचे सूर वाजायचे, ते २०१५पर्यंत पाचेक सेकंदांवर आले. आपल्या भावगीतांचं सुरुवातीचं संगीत आठवा. बासरीची ती ओळ वाजली की अंगावर रोमांच यायचे, शब्द नंतर यायचे. आजच्या संगीतकाराला तेवढी मोकळीक कुठून मिळणार?

‘दुसरी बाजू’ यांनी तबकडीला जरा जास्त गुण दिलेत असं मला वाटतं. तिने आलापी कापली हे तुम्हीच लिहिलंत. केसरबाई केरकरांसारख्या गायिकेला ध्वनिमुद्रणाचं काडीचं आकर्षण नव्हतं आणि त्यांनी मोजकंच मुद्रण करू दिलं, ते उगीच नाही. (त्यातलीच साडेतीन मिनिटांची भैरवी १९७७मध्ये व्हॉयेजर यानांवरच्या सोनेरी तबकडीत गेली. गोव्यातल्या केरी गावच्या बाईंचा आवाज आज आंतरतारकीय अवकाशात आहे. हे लिहितानाही ऊर भरून येतो.) १९४८मध्ये लाँग प्ले तबकडी निघाली, पुढे ती इथे आली, तेव्हा कुठे एका बाजूला वीसेक मिनिटं मिळाली आणि घरबसल्या ख्याल ऐकता येऊ लागला.

लांबी कमी करणारी गोष्ट नेहमी यंत्रच असते असंही नाही. ३१ ऑक्टोबर १८८०ला पुण्यात किर्लोस्करांचं ‘शाकुंतल’ रंगभूमीवर आलं, त्यात दोनशेच्या आसपास पदं होती. बालगंधर्वांच्या काळात वन्समोअरवर वन्समोअर घेत नाटक पहाटेपर्यंत जायचं. १९३१मध्ये ‘आलम आरा’ आला, वर्षभरात मराठी बोलपट आला आणि अडीच-तीन तासांत, स्वस्तात गाण्यांसकट गोष्ट मिळायला लागली. १९३३मध्ये ‘नाट्यमन्वंतर’ या नाट्यसंस्थेने आखीव, मोजक्या गाण्यांचं नाटक केलं. ती गरजही होती, रंगभूमीचा त्यात फायदाही झाला.

कायद्याचंही एक उदाहरण. २०००च्या ध्वनिप्रदूषण नियमांनी रात्री दहा ते सकाळी सहा ध्वनिवर्धकावर बंधन आलं. सवाई गंधर्व महोत्सव पूर्वी रात्रभर चालायचा आणि भीमसेनजींच्या गाण्याने पहाटे सांगता व्हायची. आता मैफली दुपारी सुरू होऊन रात्री आटोपतात. रुग्णांना, विद्यार्थ्यांना शांतता मिळायलाच हवी, त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण मध्यरात्रीनंतरचा दरबारी किंवा पहाटेचा ललत समोर बसून ऐकलेला श्रोता दुर्मिळ होत चाललाय. या रागांसाठी लागणारं लक्षही वेगळं असतं. दिवसभराचं सगळं ओसरल्यावर मन जिथे येतं तिथलं. ते लक्ष घडवणारी वेळच आपल्या सांस्कृतिक जीवनातून निघून गेली.

—

कट्टेकरी

माणसाचं लक्ष आता आठ सेकंदांवर आलंय, गोल्डफिशपेक्षाही कमी, असं एका कंपनीच्या संशोधनात आलंय ना? मग तबकडी काय आणि संपणं काय, मेंदूच बदललाय.

—

लांबचा पल्ला

कट्टेकरी, तो आठ सेकंदांचा आकडा कृपया वापरू नका. मायक्रोसॉफ्टच्या कॅनडातल्या जाहिरात विभागाच्या २०१५च्या अहवालातून तो जगभर पसरला, पण त्यांनीही तो दुसऱ्या एका संकेतस्थळावरून उचलला होता आणि त्यामागे कुठलं संशोधन सापडत नाही. गोल्डफिशचं लक्ष कुणी मोजलं हेही कुणी सांगू शकलेलं नाही.

ज्यावर भरवसा ठेवता येईल असं काम म्हणजे कॅलिफोर्निया विद्यापीठातल्या ग्लोरिया मार्क यांचं. त्यांनी काम करणाऱ्या माणसांचं प्रत्यक्ष निरीक्षण केलं. २००४च्या सुमारास माणूस संगणकाच्या एका पडद्यावर सरासरी अडीच मिनिटं राहायचा, अलीकडच्या वर्षांत ते ४७ सेकंदांच्या आसपास आलंय. पण हे मोजमाप ‘पडदा किती वेळाने बदलला’ याचं आहे. तोच माणूस सिनेमागृहात अडीच तास बसतो, क्रिकेटचा सामना दिवसभर बघतो. क्षमता गेलेली नाही, सवय बदललीय. हा भेद महत्त्वाचा आहे, कारण मेंदूच बदलला म्हटलं की पुढे काही करण्यासारखं उरत नाही आणि कंपन्यांवरची जबाबदारीही संपते.

मी परदेशात असतो. माझी मुलं मराठी ऐकतात ती बरीचशी रील्समधून. तुटक आहे, पण आजीशी बोलताना त्यातलेच शब्द वापरतात, म्हणून सरसकट वाईट म्हणवत नाही.

—

शाईचं बोट

मी मालिकांचे संवाद लिहिते. कुठली वाहिनी, कुठली मालिका ते सांगणार नाही. मूळ लेखातला मालिकांवरचा परिच्छेद वाचून लिहावंसं वाटलं, कारण त्यातलं बरंच खरं आहे आणि ते आतून कसं घडतं ते बाहेर कळत नाही.

अर्ध्या तासाच्या जागेत गोष्टीला बावीस मिनिटांच्या आसपास मिळतात, उरलेली जाहिरातींची. प्रत्येक ब्रेकआधी हुक, म्हणजे उत्सुकता ताणणारा क्षण हवा, भागाच्या शेवटी मोठा हुक हवा. दर गुरुवारी बार्कचे, म्हणजे प्रेक्षकसंख्या मोजणाऱ्या संस्थेचे आकडे येतात. आकडा घसरला की लिहून झालेला ट्रॅक, म्हणजे कथेचा धागा फिरतो. एपिसोडची बँक, म्हणजे आधीच तयार करून ठेवलेले भाग नसतील तर सकाळी लिहिलेला सीन दुपारी सेटवर शूट होतो आणि एक-दोन दिवसांत प्रक्षेपित होतो. एखाद्या पात्राने खरोखर बदलावं, नवऱ्याला सोडून जावं, स्वतःचं काही उभं करावं असं आम्हालाही वाटतं. लिहूनही देतो. पण ते झालं की गोष्ट संपते. चालणारी मालिका संपवायला कुणीच तयार नसतं आणि सेटवर शंभरेक माणसांचं पोट तिच्यावर असतं, हेही विसरून चालत नाही.

दुसरी गोष्ट लक्षाबद्दल. मालिका बघणारी बाई कुकर लावता लावता, भाकऱ्या थापता थापता ऐकते हे आम्ही पहिल्यापासून धरून चाललो. म्हणून एकच गोष्ट तीनदा बोलली जाते आणि तीन चेहऱ्यांवर कॅमेरा जातो. तिचं लक्ष अर्धं असायचं कारण तिच्या हाताला काम होतं. त्यासाठी तिला कुणी हसू नये. आता सूचना अशी येते, की प्रेक्षकाच्या हातात मोबाइल असतो, तेव्हा पडद्याकडे न बघताही कळेल असं लिहा. ‘तू पत्र फाडतेस?’ असं पात्राने म्हणायचं, समोर पत्र फाडलं जात असताना. नटाच्या डोळ्यांतून कळावं असं काही लिहायला जागाच उरत नाही. मला याचं फार वाईट वाटतं, कारण आपल्याकडे डोळ्यांनी बोलणारे नट-नट्या अजून आहेत.

एक बाजू मात्र मांडायलाच हवी. संध्याकाळी सात ते दहा टीव्हीसमोर घर एकत्र बसायचं. सासू-सुना मालिकेतल्या सासू-सुनांवर बोलायच्या आणि जे एकमेकींना थेट म्हणता येत नव्हतं ते त्या निमित्ताने म्हणायच्या. आता ज्याचा त्याचा फोन. तिथे घरातल्या दोन माणसांना एकच गोष्ट दिसत नाही.

—

बांधावरून

मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवतो. खेड्यातून लिहितोय, त्यामुळे थोडं वेगळं सांगतो.

५ सप्टेंबर २०१६ला जिओ आलं आणि आमच्या गावात करमणुकीचा अर्थच बदलला. त्याआधी टीव्हीवर जे दिसायचं त्यात आम्ही नव्हतो. असलोच तर नोकर, वॉचमन किंवा हसायला ठेवलेला गावंढळ. टिकटॉकवर पहिल्यांदा आमच्यासारख्यांनी आमच्याच बोलीत, आमच्याच अंगणात उभं राहून काही केलं आणि ते लाखो लोकांनी बघितलं. २९ जून २०२०ला बंदी आली. चीन सीमेवरच्या तणावाचं कारण मला समजतं. पण ज्यांचं नाव तिथे झालं होतं त्यातल्या कितीतरी जणांना दुसरीकडे पुन्हा तेवढं उभं राहता आलं नाही, हे मी जवळून पाहिलंय.

खानदेशात अहिराणी गाण्यांचं काय झालंय ते बघा. लग्नाच्या वरातीत आज अहिराणी वाजतं, पोरं गावं सोडून सुरत-नाशिकला गेली तरी ती गाणी लावतात. हे कुठल्या वाहिनीने केलं नाही, मोबाइलवरच्या व्हिडिओंनी केलं. म्हणून शहरातली माणसं लहान व्हिडिओंमुळे संस्कृती बुडाली म्हणतात तेव्हा मला विचारावंसं वाटतं, कुणाची?

वर्गातला अनुभव मात्र काळजीचा आहे. सहावी-सातवीतली मुलं धडा वाचताना अडतात ती शब्दाला नव्हे, वळणाला. ‘पण’ आलं, ‘तरीही’ आलं, मागच्या परिच्छेदातली गोष्ट पुढे जोडायची वेळ आली, की हात सुटतो. रीलमध्ये मागचं लक्षात ठेवण्याची गरजच नसते, पुढचं रील वेगळ्याच गोष्टीचं असतं. गोष्ट मोठ्याने वाचून दाखवली, मधेच थांबलो आणि पुढे काय होईल विचारलं, तर तीच मुलं हिरिरीने सांगतात. म्हणून लांबचा पल्ला यांचं क्षमता आणि सवयीबद्दलचं म्हणणं मला अनुभवाने पटतं.

—

दुसरी बाजू (धागाकर्ता)

बांधावरून, तुमचा ‘कुणाची?’ हा प्रश्न माझ्या मूळ लेखात यायला हवा होता इतका मोलाचा आहे. तबकड्यांच्या काळातही हेच घडलं होतं. दरबारात आणि कोठ्यांवर अडकलेलं गाणं चहाच्या दुकानापर्यंत पोचलं ते तबकडीमुळेच. १९५२च्या सुमारास आकाशवाणीने सिनेसंगीताला दार लावलं, तर लोकांनी बुधवारी रात्री आठला रेडिओ सिलोनवर बिनाका गीतमाला ऐकायला सुरुवात केली. शेवटी १९५७मध्ये विविध भारती काढावी लागली. लोकांना काय आवडावं हे वरून ठरवणाऱ्यांच्या बाजूने मी कधीच उभा राहणार नाही. लहान व्हिडिओ राहोत, अहिराणी गाणी राहोत, संकासुरही राहो.

माझा आग्रह एवढाच आहे, की पुढचा व्हिडिओ माझ्या परवानगीशिवाय सुरू होऊ नये. सध्या हे उलटं आहे. यूट्यूबवर ऑटोप्ले बंद करता येतो, पण तो आपण शोधून बंद करायचा. रील्सच्या प्रवाहाला तर तेवढंही बटण नाही, फार तर अमुक वेळ झाला अशी आठवण लावता येते आणि ती एका बोटाने बाजूला सारता येते. चीनमध्ये डोयिनने, म्हणजे टिकटॉकच्या चिनी रूपाने, सप्टेंबर २०२१पासून चौदा वर्षांखालच्या मुलांना दिवसाला ४० मिनिटांची मर्यादा घातली. सरकारने वेळ मोजून द्यावा हे मला नको आहे. पण तांत्रिकदृष्ट्या हे अशक्य आहे, असं कुठल्या कंपनीने सांगू नये, एवढं त्यातून सिद्ध होतं. थांबणं हे आपोआप व्हावं आणि पुढे जाण्यासाठी बोट उचलावं लागावं. निदान मुलांच्या खात्यांवर तरी हीच मूळ मांडणी असावी, अशी मागणी पालकांनी, शिक्षकांनी, ग्राहक संघटनांनी लावून धरली पाहिजे.

शाईचं बोट, तुमचा प्रतिसाद पुन्हा पुन्हा वाचला. तुमच्या क्षेत्रात ठरावीक भागांची, शेवट आधीच ठरलेली मालिका पुन्हा यावी यासाठी प्रेक्षक म्हणून आम्ही काय करू शकतो? आकडे तर आमच्या घरात मोजलेही जात नाहीत.

—

शाईचं बोट

वाहिनीच्या अॅपवर बघा. तिथे प्रत्येक प्रेक्षक मोजला जातो आणि कुठे सोडून गेला तेही दिसतं. मर्यादित भागांची गोष्ट आली की ती पहिल्याच आठवड्यात बघा आणि शेवटपर्यंत बघा. आमच्या बैठकांमध्ये ‘लोकांना शेवट नकोच असतो’ असं ठामपणे सांगितलं जातं. ते खोडायला माझ्याकडे आज आकडा नाही. तो मिळाला तर मी पहिली असेन जी कागद घेऊन उभी राहील.

—

तळकोकणी

आमच्या भागातल्या जत्रा कार्तिकापासून सुरू होतात. या वर्षी पूर्ण आख्यान, न कापता, एकाच व्हिडिओत चढवायचं आम्ही काही जणांनी ठरवलंय, नटमंडळींची परवानगी घेऊनच. बघणाऱ्यांनी प्रतिसादात एकमेकांना कुठे काय झालं ते सांगावं, म्हणजे ज्याला पेंग येईल त्याची सोय होईल. बांधावरून, तुमच्या मुलांना दाखवणार असाल तर युद्धाच्या आधीच्या संवादापाशी थांबवा आणि पुढे काय होईल ते विचारा. काय उत्तरं येतात ती इथे लिहा.